माफीचा साक्षीदार की नुसता पळपुटा? पोलंडच्या युझेफ श्वियात्वोची गोष्ट

बखरकार (धागाकर्ता)

गेले दोन महिने पूर्व युरोपातल्या कम्युनिस्ट काळावर वाचतोय. त्यात एक माणूस असा भेटला की डोक्यातून जाईना. त्याचं नाव लेफ्टनंट कर्नल युझेफ श्वियात्वो.

थोडक्यात नोकरीचा आलेख सांगतो. जन्म १९१५, झबाराझजवळच्या मेदिन गावात, ज्यू कुटुंबात, मूळ नाव इझाक फ्लाइशफार्ब. तरुणपणीच कम्युनिस्ट चळवळीत. महायुद्धात सोव्हिएत भूमीवर उभ्या राहिलेल्या पोलिश सैन्याच्या कोश्च्युश्को डिव्हिजनमध्ये भरती. युद्ध संपता संपता नव्या सार्वजनिक सुरक्षा मंत्रालयात, म्हणजे गुप्तपोलिसांत, आणि तिथून थेट वर. या मंत्रालयाचं 'दहावं खातं' म्हणजे पक्षातल्याच लोकांवर नजर ठेवणारं खातं. हा त्याचा उपप्रमुख झाला. पोलिसांवरचे पोलीस म्हणा.

त्याच्या हातून झालेल्या अटका बघा. ऑगस्ट १९४९ मध्ये हर्मन फील्ड हा अमेरिकन वास्तुविशारद, थेट वॉर्साच्या विमानतळावरून. २ ऑगस्ट १९५१ ला व्वादिस्वाव गोमुल्का, म्हणजे तीन वर्षांपूर्वीपर्यंत पक्षाचा सरचिटणीस असलेला माणूस, क्रिनित्सा या हवा पालटायला जायच्या गावातून. मार्शल रोला-झिमिएर्स्की, माजी संरक्षणमंत्री. आणि २५ सप्टेंबर १९५३ च्या रात्री पोलंडच्या कॅथलिक चर्चचे प्रमुख कार्डिनल विशिन्स्की यांना ताब्यात घेणाऱ्या पथकातही हा होताच.

त्यानंतर जेमतेम सव्वादोन महिन्यांनी, ५ डिसेंबर १९५३ ला, हा गृहस्थ सरकारी कामासाठी बर्लिनला गेला आणि पश्चिम बर्लिनमध्ये अमेरिकनांच्या दारात जाऊन उभा राहिला. पुढच्या वर्षी रेडिओ फ्री युरोप या अमेरिकेच्या पैशावर पूर्व युरोपासाठी चालणाऱ्या केंद्रावरून स्वतःच्याच खात्याची लक्तरं वेशीवर टांगली. कोणाला कुठे कोंडलंय, कबुलीजबाब कसे घेतले जातात, पुढाऱ्यांचे बंगले, फर्निचर, सगळं. डिसेंबर १९५४ मध्ये ते मंत्रालयच गुंडाळलं गेलं.

आता प्रश्न. ज्याने आठ-नऊ वर्षं माणसं उचलली, त्याच्याच तोंडून सत्य बाहेर आलं आणि त्यातून माणसं सुटली. अशा माणसाला काय म्हणायचं?

टवाळ_कार्टा

पहिला! नाव वाचून जिभेला गाठ बसली. बाकी सावकाश वाचतो.

मृण्मयी_वॉर्सा

चांगला विषय. मी सहा वर्षं वॉर्सात आहे, तर आधी उच्चाराचं बघू. पोलिश 'ल'वर आडवी रेघ असली की तो 'व' होतो, आणि सुरुवातीचा 'व' इथे 'फ'कडे झुकतो. म्हणजे 'श्फ्यात्वो' असं काहीसं. बखरकारांनी गोमुल्का लिहिलंय ते इथे कुणी म्हणत नाही, गोमुउका म्हणतात. पण तुम्ही खुशाल गोमुल्का लिहा, आपल्याकडे तेच रुळलंय.

आणि गंमत म्हणजे श्वियात्वो या शब्दाचा अर्थ 'प्रकाश'. जिन्यातल्या दिव्याच्या बटणावर सुद्धा हाच शब्द लिहिलेला असतो.

टवाळ_कार्टा

म्हणजे आमचा प्रकाशराव! धाग्यात आता हेच नाव चालवा, जीभ वाचेल.

निवृत्त_आबा

बखरकार, लेखन आवडले. मी पोलीस खात्यात कारकुनी बाजूला ३१ वर्षे काढली. त्यामुळे दोन शब्द लिहितो.

"पोलिसांवरचे पोलीस" हा शब्द तुम्ही सहज वापरलात, पण गोष्टीची किल्ली तिथेच आहे. सामान्य आरोपीची फाइल हाताळणारा माणूस फार तर त्या आरोपीला घाबरवू शकतो. वरच्यांच्या फाइली ज्याच्या कपाटात असतात, त्याला वरचे घाबरतात. आणि ज्याला वरचे घाबरतात त्याची नोकरी कधीच सुरक्षित नसते. या माणसाला हे नक्की कळत असणार. त्याने इतरांचे काय होते ते रोज बघितले होते, नव्हे, स्वतः केले होते.

तेव्हा विवेक जागा झाला वगैरे मला पटत नाही. तारखा बघा. मार्च ५३ मध्ये स्टालिन गेला. जूनमध्ये मॉस्कोत बेरियाला, म्हणजे सोव्हिएत गुप्तपोलिसांच्या प्रमुखालाच अटक. डिसेंबरमध्ये हा पळाला. बेरियाला गोळी घातली २३ डिसेंबरला. मधल्या काळात अशा खात्यांतल्या अधिकाऱ्यांना रात्री झोप लागत असेल का?

कोकणी_मेवा

आबांना +१. बुडत्या जहाजातून उंदीर आधी उड्या मारतात.

अर्धवटराव

असहमत. कातडी वाचवायलाच पळाला असेल, मान्य. पण मग गप्प बसायचं ना! अमेरिकेत नवं नाव घ्यायचं, बागकाम करायचं. हा बोलला. बोलल्याने धोका कमी झाला की वाढला? आपण हेतू तपासत बसतो, परिणामाकडे बघत नाही.

निवृत्त_आबा

अर्धवटराव, आश्रय फुकट मिळत नसतो. बोलणे हीच त्याची किंमत. माफीचा साक्षीदार कोर्टात उभा राहतो तो सत्यप्रेमाने नाही, दोरी चुकवायला. तरी त्याची साक्ष खरी असू शकते. आपल्या कायद्यात सुद्धा अशा साक्षीला दुसरा आधार शोधतात.

बखरकार

आबा, दुसरा आधार मिळाला ना. हर्मन फील्डचंच घ्या. याचा भाऊ नोएल फील्ड मे १९४९ मध्ये प्रागमधून गायब झाला. त्याला बुडापेस्टला नेऊन कोंडलं, आणि त्याच्या 'हेरगिरी'च्या धाग्यावर हंगेरीत परराष्ट्रमंत्री लास्लो रायकचा खटला विणला गेला. रायकला फाशी झाली. भावाला शोधत हर्मन वॉर्साला आला तर विमानतळावरूनच तो नाहीसा. पाच वर्षं पोलिश सरकार म्हणत होतं, आम्हाला काही माहीत नाही. तो होता वॉर्साच्या बाहेर, मिएझेशिन इथल्या एका बंगल्याच्या तळघरात.

सप्टेंबर १९५४ मध्ये श्वियात्वोने वॉशिंग्टनला पत्रकारांसमोर सांगितलं, मीच त्याला पकडलं. अमेरिकेने खलिता धाडला आणि काही आठवड्यांत हर्मन सुटला. नोएल आणि त्याची बायकोही बुडापेस्टला सुटली. नोएलचं डोकं बघा, सुटल्यावरही हंगेरीतच राहिला. कम्युनिझमवरची श्रद्धा ढळली नाही.

टवाळ_कार्टा

हे म्हणजे जावयाने हाकललं तरी सासुरवाडीतच मुक्काम.

पंचगंगेकाठी

आमच्या कोल्हापूरचा संबंध कुणी काढंना म्हणून लॉगिन केलं.

बखरकार, तुम्ही झबाराझ लिहिलंय. तो सगळा पूर्व पोलंडचा भाग, आता युक्रेनात. त्याच पट्ट्यातली लाखो पोलिश माणसं १९४०-४१ मध्ये सोव्हिएत पोलिसांनी मालगाड्यांत कोंबून सायबेरियात आणि कझाकस्तानात नेली. त्यातली काही १९४२ ला जनरल आंदेर्सच्या पोलिश फौजेसंगं इराणमार्गे बाहेर पडली, आणि त्यातली पाचेक हजार, मुख्यतः बाया आणि पोरं, आमच्या वळिवड्याला आली. १९४३ ते १९४८. माझी आजी सांगायची, त्या बाया बाजारात मराठीतनं घासाघीस करायच्या.

आता मुद्दा. युद्ध संपलं तरी त्यातली बरीच माणसं मायदेशी गेलीच नाहीत. इंग्लंड, ऑस्ट्रेलिया, कॅनडा, जिकडं वाट फुटंल तिकडं गेली. का? एक तर घर होतं तो मुलूखच रशियात गेलेला. दुसरं म्हणजे वॉर्सात राज्य आलं ते ह्याच प्रकाशरावाच्या खात्याचं. ज्यांनी सायबेरिया बघितलाय ती माणसं परत त्याच दाढंत कशाला जातील? लहानपणी मला वाटायचं, एवढी चांगली माणसं आपल्या देशाला का विसरली. ती विसरली नव्हती.

मृण्मयी_वॉर्सा

पंचगंगेकाठी, अंगावर काटा आला. इथे वळिवड्याचं नाव काढलं की जुन्या पिढीतल्या काहींना लगेच ओळख पटते. 'कोल्हापूर' शब्द ते अगदी स्वच्छ म्हणतात, ळ सोडून कशातच अडत नाहीत.

शब्दवेडा

कोल्हापूरमध्ये ळ नाहीच आहे, ताई. :)

मृण्मयी_वॉर्सा

हाहा, खरंच की. वळिवडेतला ळ म्हणायचं होतं. सकाळची पहिली कॉफी झाली नव्हती.

चौकस_नागपूरकर

मी एक टोचणारा प्रश्न विचारतो. इंटरनेटवर बघाल तिथं लिहिलेलं आहे की पोलंडचं ते खातं म्हणजे सगळे ज्यूच होते. मूळ नावं सुद्धा मुद्दाम कंसात देतात. बखरकारांनी पण दिलंय. हे खरं आहे का?

बखरकार

नागपूरकर भाऊ, बरं झालं विचारलंत. मूळ नाव मी दिलं ते पुढे एका कारणाने लागणार म्हणून.

वरच्या हुद्द्यांवर ज्यू वंशाच्या अधिकाऱ्यांचं प्रमाण लोकसंख्येच्या मानाने जास्त होतं, हे इतिहासकार मान्य करतात. पण मंत्री स्तानिस्वाव राद्किएविच ज्यू नव्हता, खालचे हजारो लोक साध्या पोलिश कॅथलिक घरांतले होते आणि शेवटचा शब्द सोव्हिएत सल्लागारांचा असायचा. 'सगळं ज्यूंनी केलं' ही सोयीची गोष्ट आहे, बाकीच्यांचे हात आपोआप स्वच्छ होतात. १९६८ मध्ये गोमुल्काच्याच राजवटीने ज्यूंविरुद्ध मोहीम काढली आणि हजारो ज्यूंना देश सोडायला लावला. त्या मोहिमेत सुरक्षा खातं आघाडीवर होतं. तेव्हा ते खातं काय ज्यूंचं होतं?

चौकस_नागपूरकर

पटलं. धन्यवाद.

संपादक_मंडळ

या मुद्द्यावर एवढीच चर्चा पुरे. दोन प्रतिसाद काढले आहेत.

कोकणी_मेवा

मंत्र्याचं पुढे काय झालं?

बखरकार

राद्किएविचला सुरक्षा खात्यातून काढून सरकारी शेतीचा मंत्री केला.

टवाळ_कार्टा

गृहखात्यातून शेती महामंडळात! ह्याला म्हणतात साइड पोस्टिंग. बटाटे कबुलीजबाब देत नाहीत म्हणून वैतागला असेल.

निवृत्त_आबा

हसू आले, पण जरा थांबू. वॉर्साच्या मोकोतुफ तुरुंगात त्या काळात काय झाले हे इथे कुणी लिहिलेले नाही. वितोल्द पिलेत्स्की, जो मुद्दाम पकडून घेऊन ऑशविट्झमध्ये शिरला आणि तिथली बातमी बाहेर पाठवली, त्याला २५ मे १९४८ रोजी याच तुरुंगात मारले. स्वतःच्या देशाच्या सरकारने. चौकशी खात्याचा प्रमुख होता कर्नल रुझान्स्की. आपला विषय श्वियात्वो आहे ते ठीक, पण ते सगळे एकाच छपराखाली बसत. एकाने दुसऱ्याच्या खोलीतला आवाज ऐकला नसेल काय?

मृण्मयी_वॉर्सा

आबा, ते छप्पर अजून आहे. मंत्रालय कोशिकोवा रस्त्यावर होतं, त्या इमारतीत आज न्याय मंत्रालय आहे. मोकोतुफ तुरुंगाचं, म्हणजे राकोविएत्स्का ३७ चं, आता राजकीय कैद्यांचं संग्रहालय झालंय. आणि नदीपलीकडे प्रागा भागात स्त्शेलेत्स्का रस्त्यावर ८ नंबरच्या घराचं तळघर जपलंय. मी गेले होते. भिंतीवर कैद्यांनी ओरखडून काढलेल्या तारखा, क्रूस, नावं. वर लोक राहतात. जिन्यात कुणाची तरी सायकल लावलेली होती. मला त्या सायकलीचंच जास्त वाईट वाटलं, का ते सांगता येणार नाही.

माझ्या घरमालकीण आजी ऐंशीच्या पुढच्या आहेत. त्यांना श्वियात्वो विचारलं तर पहिल्यांदा कपाळाला आठ्या, मग म्हणाल्या, वडील रेडिओवर घोंगडी टाकून ऐकायचे. सरकार त्या लहरींवर घरघर सोडायचं, त्या घरघरीत मधूनच एखादं नाव ऐकू यायचं. ते नाव दुसऱ्या दिवशी दूध आणायला गेल्यावर बोलायचं नाही, एवढं त्यांना लहानपणी पढवलं होतं. फुगे मात्र त्यांनी पाहिले नाहीत.

टवाळ_कार्टा

फुगे??

बखरकार

होय, फुगे. फेब्रुवारी १९५५ पासून रेडिओ फ्री युरोपने श्वियात्वोच्या निवेदनाच्या छोट्या पुस्तिका छापून फुग्यांना बांधून पोलंडवर सोडल्या. वारा पूर्वेकडे असला की लाखो प्रती शेतांत, छपरांवर. रेडिओच्या पोलिश विभागाचा प्रमुख यान नोवाक-येझिओरान्स्की, महायुद्धात जर्मनांविरुद्ध लढणाऱ्या पोलिश भूमिगत सेनेचा निरोप्या म्हणून वॉर्सा ते लंडन ये-जा केलेला माणूस. विचार करा, भूमिगत सेनेच्या माणसांना छळणाऱ्या खात्याच्या अधिकाऱ्याला त्याने आपल्या माइकवर जागा दिली. त्याच्या मनात काय चाललं असेल?

अर्धवटराव

हेच मी म्हणत होतो! नोवाकने नाक दाबून का होईना, पण वापर केला. हेतू घाण, माहिती उपयोगाची.

सीमोल्लंघन

मी असं वाचलंय की तो आधीपासूनच अमेरिकनांचा हेर होता आणि फील्ड प्रकरण त्यानेच मुद्दाम पेटवलं, जेणेकरून कम्युनिस्ट एकमेकांनाच खातील.

बखरकार

१९७० च्या दशकात एका इंग्रजी पुस्तकातून ही कथा पसरली. पुरावा कुणीही दिलेला नाही. वाचायला झकास, पण इतिहासकार ती मानत नाहीत. पोलिश सरकारनेही ऑक्टोबर १९५४ मध्ये त्याला चिथावणीखोर हस्तक म्हणून जाहीर केलं होतं. पण ते म्हणणारच.

पंचगंगेकाठी

बर्लिनला कशाला गेला होता, ते राहिलं.

बखरकार

ते वाचून मी खुर्चीत सरळ बसलो. पश्चिमेत राहून पोलिश राजवटीवर टीका करणाऱ्या वांदा ब्रोन्स्का-पांपुख या बाईचा काटा कसा काढायचा, यावर पूर्व जर्मन गुप्तपोलिसांच्या एरिख मिल्केशी बोलायला! सोबत त्याचा वरिष्ठ, दहाव्या खात्याचा प्रमुख कर्नल अनातोल फेइगिन. भिंत बांधली गेली १९६१ ला, त्यामुळे तेव्हा पश्चिम बर्लिनमध्ये जाणं सोपं होतं. दोघं खरेदीच्या निमित्ताने तिकडे गेले. फेइगिनचं लक्ष जरा दुसरीकडे गेलं आणि प्रकाशराव गुल.

टवाळ_कार्टा

लाइट गेली म्हणा की.

कोकणी_मेवा

टका, बास! चहा सांडला कीबोर्डवर.

निवृत्त_आबा

म्हणजे माणूस मारण्याची बोलणी करायला निघालेला अधिकारी वाटेत पळाला. अर्धवटराव, आता तरी विवेक म्हणू नका.

अर्धवटराव

विवेक मी एकदाही म्हटलेलं नाही, आबा. वर जाऊन वाचा.

निवृत्त_आबा

वाचले. खरे आहे. शब्द मागे घेतो.

सह्यभटक्या

उशिरा आलो. वरचं सगळं स्टालिनकाळाचं चाललंय, पण खातं नाव बदलून १९९० पर्यंत होतंच. आधीचे 'उबेक', नंतरचे 'एस्बेक'. दुसरा एक अधिकारी सांगतो, कॅप्टन ग्झेगोश पियोत्रोव्स्की. चर्चवर नजर ठेवणारं चौथं खातं. १९ ऑक्टोबर १९८४ ला याने दोन साथीदारांसह वाहतूक पोलिसाच्या वेषात फादर पोपिएउश्कोंची गाडी अडवली. हे सरकारविरोधी सॉलिडॅरिटी कामगार चळवळीला उघड पाठिंबा देणारे धर्मगुरू. फादरांचा ड्रायव्हर धावत्या गाडीतून उडी मारून निसटला, म्हणून तर प्रकरण फुटलं. ३० तारखेला विस्तुला नदीच्या धरणात फादरांचा मृतदेह मिळाला. पुढे तोरुन्यला खटला चालला, कम्युनिस्ट राजवट असताना. पियोत्रोव्स्कीला २५ वर्षं. सुटला २००१ मध्ये.

आता सांगा, ज्याने तोंड उघडलं तो अमेरिकेत, ज्याने उघडलं नाही तो तुरुंगात. उरलेले?

मृण्मयी_वॉर्सा

उरलेल्यांची पेन्शन हा इथला पेटता विषय! १९९० ला सुमारे १४ हजार अधिकाऱ्यांची छाननी झाली, दहा हजारांवर पास झाले, त्यातले काही नव्या लोकशाही खात्यात लागले. त्याच वर्षी इराकमध्ये अडकलेल्या सहा अमेरिकनांना बाहेर काढलं ते याच जुन्या हेरखात्यातल्या माणसांनी. प्रमुख होता ग्रोमोस्वाव चेंपिन्स्की. मग २००९ ला कायदा झाला, जुन्या सेवेच्या प्रत्येक वर्षाला २.६ ऐवजी ०.७ टक्के. २०१६ ला आणखी कडक कायदा, पेन्शन सरासरीच्या वर जाऊ द्यायची नाही. छाननीत पास झालेले म्हणतात, तुम्हीच आम्हाला घेतलंत ना? माझ्या ऑफिसात यावरून जेवणाच्या टेबलावर दोन सहकारी महिनाभर बोलत नव्हते. एकाचे वडील एस्बेक, दुसरीच्या आईला याच लोकांनी तुरुंगात टाकलेलं.

निवृत्त_आबा

पेन्शनीचा विषय काढलात, आता माझी झोप उडाली.

कोकणी_मेवा

कार्डिनलच्या अटकेबद्दल कुणी सविस्तर लिहा ना.

बखरकार

एकच गोष्ट सांगतो. त्या रात्री त्यांचा कुत्रा, बात्सा नावाचा, एका अधिकाऱ्याला चावला. कार्डिनलनी आधी त्या अधिकाऱ्याच्या जखमेवर औषध लावलं, मग त्यांना घेऊन गेले. तीन वर्षं स्थानबद्ध. ऑक्टोबर १९५६ मध्ये सुटले, त्याच महिन्यात गोमुल्का सत्तेवर आला.

टवाळ_कार्टा

या धाग्यातलं माझं आवडतं पात्र: बात्सा.

पंचगंगेकाठी

आणि बर्लिनात मागं राहिला तो फेइगिन?

बखरकार

खात्याच्या झाडाझडतीत सापडला. १९५७ मध्ये १२ वर्षांची शिक्षा. उपमंत्री रोम्कोव्स्की आणि चौकशी खात्याच्या रुझान्स्कीलाही मोठ्या शिक्षा झाल्या, पण १९६४ मध्ये तिघंही बाहेर. मंत्री राद्किएविचवर खटला नाही. श्वियात्वो अमेरिकेत बदललेल्या ओळखीने राहिला आणि १९९४ मध्ये वारला. बाहेर कुणाला बरीच वर्षं पत्ताच नव्हता.

सीमोल्लंघन

घरचे?

बखरकार

बायको-मुलं वॉर्सातच राहिली. मूळ नाव मी सुरुवातीला का दिलं ते आता सांगतो. तो फ्लाइशफार्ब होता. 'श्वियात्वो' हे त्याच्या बायकोचं माहेरचं आडनाव. १९४३ मध्ये लग्न केलं तेव्हा त्याने ते घेतलं.

मृण्मयी_वॉर्सा

म्हणजे रेडिओवर रोज रात्री घरघरीतून जे नाव यायचं, ते तिचं होतं.

निवृत्त_आबा

बखरकार, तुमच्या पहिल्या प्रश्नाला मी माफीचा साक्षीदारच म्हणणार. पण माफी कोणी दिली, ते विचारायचे राहिले. अमेरिकेने दिली. हर्मन फील्डला कुणी विचारले होते काय?

अर्धवटराव

आबा, इथे मात्र +१.